भरल्या घागरीची चाल

सात धडधाकट गडी भर दुपारी फरशीवर पडत होते, उठत होते, पुन्हा पडत होते. गाणं नाही, बाजा नाही. नुसता पायांचा आणि पडण्याचा आवाज. मी दारात उभा. आधी वाटलं, सगळ्यांना एकदमच फेफरं आलं. मग वाटलं, पैलवानकीचा क्लास असेल. लातुरात क्लास कशाचाही निघतो. न राहवून विचारलं, "काय रे पोरांहो, तुम्हाला उठायचं जमंना का पडायचं?"

एक जण उठून हसला. तोच मास्तर. काळी बनियन, पाय अनवाणी. म्हणाला, "दोन्ही शिकून राहिलो, बाबा."

ते 'शिकून राहिलो' कानावर आलं आणि मी चपला काढून आत गेलो.

"किनवटकडचा का रे तू?"

"हाव. तिकडंच वसतिगृहात वाढलो. तुम्ही?"

"मीबी तिकडलाच. आता हितं लेकाकडं पडून असतो."

ही गोष्ट चैत्रातली. माझी बायको मागच्या पोळ्याच्या आधी गेली. लेक हायस्कुलात मास्तर, सून हापिसात. सकाळी दोघं निघाले की घरात मी आणि पंखा. टीव्ही मला सोसत नाही. म्हणून गल्लीच्या टोकापर्यंत चालायचं, क्लासच्या बिल्डिंगीच्या जिन्यात सावलीला बसायचं आणि परत यायचं. त्या जिन्यातच वरून धपधप ऐकू आली होती. मी चौथी शिकलेला माणूस. झालं ते तसंच लिहितो, गोड करून लिहायला मला येत नाही.

दुसऱ्या दिवशी पुन्हा गेलो. तिसऱ्या दिवशी मास्तरनं माझ्यासाठी भिंतीला खुर्ची लावून ठेवली होती.

"हा कोणता नाच म्हणायचा?"

"मॉडर्न, बाबा."

"ह्याची गोष्ट काय हाय? कोण मेलं, कुणाचं लगीन झालं?"

"गोष्ट न्हाई. अंगच गोष्ट."

"मंग बघायला कोण येणार?"

"तुम्ही आलात की," त्यातला एक लठ्ठ गडी म्हणाला. हा दिवसा औषधाच्या दुकानात बसायचा आणि जेवणाच्या सुट्टीत इथं येऊन आपटून घ्यायचा.

मास्तर घाम पुसत खाली बसला की मी त्याला खोदून विचारायचो. पोरगं बाहेर लांब शिकून आलेलं, त्याला सगळं माहीत. म्हणाला, हे नवं नाचणं परदेशात बायांनी सुरू केलं, शंभरेक वर्षांखाली. त्यांनी बूट काढून फेकले आणि अनवाणी नाचल्या. गडी मागून आले. आले तर लोक हसायला लागले, म्हणे हे काय पुरुषाचं काम आहे? मग तिकडच्या एका माणसानं नुसते गडीच जमा केले. त्यांना शेतावर ठेवलं, लाकडं तोडायला लावली, दगड उचलायला लावले, घरं बांधायला लावली. आणि तेच नाचात आणलं. नांगरणं, ओढणं, कापणं. लोकांना दाखवायला, की बघा, हे गडीच आहेत.

"मंजे तिकडंबी पटवून द्यावं लागलं," मी म्हणलं.

"लई. आन् त्याच्याबी मागून आणखी काही लोक आले. ते म्हणले, उड्या कशाला पाह्यजेत? माणूस नुसता चालला तरी तो नाचच हाय."

"मग आमची म्हैस रोज दोन टाइम नाचायची."

सगळे खो खो हसले. मी पण हसलो. पण घरी येताना डोक्यात तेच घोळत राहिलं. तिकडं बाया आधी नाचल्या आणि गड्याला दारातून आत यायला लाज वाटली. आमच्याकडं सगळं उलटं. आमच्याकडं बाईला चारचौघांत नाचू देत नव्हते, म्हणून बाईसुद्धा गड्यानंच व्हायचं. आणि झाला की पुन्हा त्यालाच नाच्या म्हणून हिणवायचं. लातुरात आता लग्नाच्या वरातीत बापलेक सगळे डीजेपुढं अंग हलवतात, त्यांना कोणी काही म्हणत नाही. मास्तरला मी हे सगळं सांगितलं नाही. कारण हे सांगितलं असतं तर पुढचंही सांगावं लागलं असतं. मी पण नाचलेला आहे.

दंडार म्हणजे आमच्या किनवटकडचा गावच्या गड्यांचा खेळ. दिवाळीच्या दिवसांत दुपार कलली की चावडीपुढं ढोलकी वाजायची. गाणी, सोंगं, नाच. मला मिसरूड फुटलं नव्हतं, अंग सडपातळ, तेव्हा मला लुगडं नेसवलं ते सात-आठ वर्षं. माझं नावाजलेलं काम म्हणजे पाण्याला जाणारी बाई. कमरेवर पितळेची घागर, पायात चाळ. कमर अशी हलायची की म्हातारे काठ्या आपटायचे. आजूबाजूच्या गावांतून बोलावणं यायचं.

लग्न ठरताना सासऱ्यानं एकच अट घातली. "पोरगा बरा हाय, जमीन हाय. पण नाच्याला मी पोरगी देणार न्हाई." माझ्या बापानं तिथंच माझे चाळ मागवले आणि सासऱ्याच्या पुढ्यात ठेवले. त्या पोळ्याला ते चाळ सासऱ्याच्या बैलाच्या गळ्यात वाजत होते. शेती केली, पोरं वाढवली. घरात नाचाचं नाव कोणी काढलं नाही. मी आपलं समजत आलो की बायकोला त्याची लाज वाटते.

गेल्या पावसाळ्यात गावाकडं गेलो होतो तिथं ती आजारी पडली, म्हणून तिला नांदेडला दवाखान्यात ठेवलं होतं. अंगात पाणी धरलेलं, पाय सुजून टम्म. एका दुपारी शेजारच्या खाटेवरच्या बाईचा नवरा मोबाईलवर काहीतरी पाहत होता. त्यात एक गडी साडी नेसून नाचत होता. आमची म्हातारी आडवी पडल्या पडल्या ते बघून हसायला लागली.

"काय झालं गं?"

"तुमची आठवण झाली."

"माझी?"

"तुमची दंडार आमच्या गावात आल्ती. मी पाणी घेऊन येत होते. घागर पाराखाली ठेवली आन् पाह्यलं तुम्हाला."

पन्नास वर्षं एका घरात राहून हे मी पहिल्यांदा ऐकत होतो. "मंग? कसा होतो?"

"दिसायला लई ग्वाड. पण घागर रिकामी होती तुमची."

"नाचात कोण भरून आणतंय?"

"म्हणून तर बाया हसत होत्या. भरली घागर असली की कमर अशी हालत न्हाई हो. हालली की पाणी अंगावर. गडी टाळ्या वाजवून राहिले होते आन् आम्ही तोंडाला पदर लावला होता."

मला ते लागलं. मी म्हणलं, "मंग असल्या नाच्याला हो कशाला म्हणलीस?"

"म्हणलं, घरात आला की शिकवता येईल." तिला दम लागला. जरा थांबून म्हणाली, "पन्नास वर्सं झाली. एकदाबी घागर उचलली न्हाई तुम्ही. शिकवू कशी?"

शेजारच्या खाटेवरची नवराबायको मोठ्यानं हसली. त्यानं आणखी लागलं. ती माझ्या हाताला हात लावून म्हणाली, "अहो, घरी गेलो की एकदा भरून घ्या आन् चालून दाखवा मला. एकदाच. लई बघावं वाटतंय."

"याड लागलं का तुला? ह्या वयात? गप पड." एवढं बोलून मी चहाच्या निमित्तानं बाहेर गेलो आणि संध्याकाळ होईपर्यंत आलो नाही.

ती लातूरला घरी आली. तीन आठवडे होती. तिच्या खाटेवरून मोरीजवळची तांब्याची घागर नीट दिसायची. तिनं पुन्हा तो विषय काढला नाही. मी पण काढला नाही. मग ती गेली.

झालं ते एवढंच. खाटेपासून मोरीपर्यंत दहा पावलं. मी ती टाकली नाहीत.

मी बाई होऊन सात-आठ वर्षं गावं नाचवली, पण घरातल्या बाईसाठी एक घागर कधी कमरेवर घेतली नाही. बैलगाडीत टाकून पाण्याचं टिपाड आणलं असेल दुष्काळात, ते वेगळं. लातूरला आल्यावरही नळ आठ-आठ दिवसांनी यायचा तेव्हा लेक पाईप लावायचा आणि ही म्हातारी तरी एक घागर हातानंच भरायची. म्हणायची, पाईपच्या पाण्याला चव नसते. मी खुर्चीत बसून पेपरची चित्रं बघायचो.

म्हणून एक दिवस मास्तरला म्हणलं, "मला चालायला शिकव."

त्यानं माझ्या गुडघ्यांकडं पाहिलं. "कसं चालायला?"

तेव्हा त्याला दंडार सांगितली. दवाखान्यातलं नाही सांगितलं. गड्यांनी फरशी मोकळी केली, कोपऱ्यातला पाण्याचा रिकामा जार माझ्या कमरेवर दिला. मी धोतराचा सोगा नीट खोचला आणि चाललो. काय सांगू, पायांना सगळं पाठ होतं. कमर कटकट वाजली पण हलली. औषधाच्या दुकानवाल्यानं शिट्टी मारली. टाळ्या पडल्या. मास्तरनं मात्र टाळी वाजवली नाही. हनुवटीला हात लावून बसला होता.

"काय रे, पसंत न्हाई पडलं?"

"झकास हाय, बाबा. पण ही कोण हाय?"

"कोण मंजे? बाई."

"कोणची?"

मी जार खाली ठेवला. खरंच, कोणची? त्या वयात मला कोणती बाई माहीत होती? लांबून पाहिलेल्या सगळ्या. आणि पन्नास वर्षांपूर्वी पाराखाली भरली घागर ठेवून एक पोरगी हेच बघून हसली होती.

दुसऱ्या दिवशी तिची तांब्याची घागर उचलली. सुनेला त्या दिवसापासून दोन दिवस सुट्टी होती. ती म्हणाली, "मामा, कुठं नेताय? आत्यांची घागर हाय ती."

"मला म्हाईत हाय कुणाची हाय ते. येतो घेऊन."

ती बिचारी चहाड्या सांगणारी नाही. पण मास्तरलोकांची शाळा म्हणजे सगळ्या गावाचे कान. संध्याकाळी लेक आला तो चपला फेकतच.

"अण्णा, तुम्ही नाचाच्या क्लासला जाता?"

"जातो."

"स्टाफरूममध्ये मला विचारतात, वडील कोणत्या बॅचला हायेत म्हणून."

"सांग, म्हाताऱ्यांच्या."

तो हसला नाही. "आईला वर्ष झालं न्हाई अजून. आपण गुढी उभारली न्हाई, घरात पुरण घातलं न्हाई. आन् तुम्ही नाचता? तिला काय वाटलं असतं?"

मी तिथंच सांगायला पाहिजे होतं. लेकापुढं मी कधी चूक कबूल केलेली नाही, ती सवयच नाही. तो म्हणाला, "उद्या जायचं न्हाई." मी म्हणलं, "बघू." घागर तर वरच, क्लासातच होती.

दुसऱ्या दिवशी दुपारी गेलो. मास्तरला म्हणलं, "ड्रमातलं पाणी घेऊ का एक घागर?"

"घ्या की. पण उचलंल का?"

"न उचलायला काय झालं?"

उचलली नाही. औषधवाल्यानं आणि आणखी एकानं मिळून ती माझ्या डाव्या कमरेवर ठेवली. धोतर गार झालं. घागरीचा गळा डाव्या हाताच्या कवेत घेतला आणि पहिलं पाऊल टाकलं. लगेच घोटभर पाणी मांडीवर. जुनी कमर हलू बघत होती. उभा राहिलो. सातही गडी भिंतीला टेकून बघत होते.

मग मी नाचाचं सोडून दिलं आणि ती कशी यायची ते आठवलं. आठवलं म्हणजे काय, ते आपोआपच येत गेलं. ओट्यावर बसून मी तंबाखू मळायचो तेव्हा मला वाटायचं मी तंबाखूच मळतोय. डोळ्यांनी त्यांचं काम केलेलं होतं. घागर डावीकडं, म्हणून अंग उजवीकडं झुकायचं, उजवा हात मोकळा, जरा लांब. पाऊल आखूड आणि सपाट. कमर गप्प, चालायचं ते गुडघ्यानं. नजर खाली नाही, घराच्या दारावर. शेतात राहायचो तेव्हा ती वर पळसाची दोन पानं टाकायची, म्हणजे पाणी हिंदकळायचं नाही. सात-आठ पावलं झाली की कमरेनं घागरीला एक हलका टोला द्यायचा, ती वर सरकायची. मी दिला. सरकली. पाणी बरगडीला आतून थापा मारून राहिलं होतं. तिचा उजवा गुडघा शेवटी शेवटी धरायचा, म्हणून उंबऱ्यापाशी ती थांबायची, डावा पाय आधी वर घ्यायची आणि नाकातून "हूं" म्हणायची.

हॉलच्या दारापर्यंत आलो, थांबलो, आणि माझ्या नाकातून ते "हूं" बाहेर पडलं.

दारात लेक उभा होता. मधल्या सुट्टीत मला घेऊन जायला आला होता, चेहरा रागानं लाल. दोन ढांगांत आला, दोन्ही हातांनी घागर धरली आणि म्हणाला, "दे गं इकडं. किती वेळा सांगितलं, उचलू नको म्हणून. पाईप हाय की."

नळ यायचा तेव्हा तो आईला दर वेळी हेच म्हणायचा.

मग त्याला कळलं त्यानं कोणापुढं हात केलेत. घागर छातीशी धरून तसाच उभा राहिला. मास्तर हळूच म्हणाला, "सर, ठेवा की खाली." त्यानं ठेवली नाही.

मी खुर्चीत बसलो आणि सगळं सांगितलं. नांदेडची दुपार, शेजारची खाट, तिचं हसणं, माझं "गप पड". सातही जणांदेखत सांगितलं. एकट्यात सांगायचं झालं असतं तर माझ्यानं झालं नसतं. लेकाच्या हातातली घागर कलली, पाणी त्याच्या बुटांवर पडलं, तरी त्याचं लक्ष नव्हतं.

"तीन आठवडे होती अण्णा ती घरी," तो म्हणाला.

"हाव."

"रोज घागरीकडं बघायची. मला वाटायचं, पाणी पाह्यजे. मी ग्लास भरून द्यायचो."

मी माझ्या धोतराकडं बघत बसलो. डाव्या कमरेला तळहाताएवढा ओला डाग होता. तिच्या लुगड्यालाही तिथंच असायचा, कधी वाळलेला मी पाहिला नाही.

निघताना मास्तरनं दबकत विचारलं, "बाबा, ही चाल आमच्या नाचात घेऊ का?"

मी लेकाकडं पाहिलं. तो म्हणाला, "आईची हाय. तुम्हीच सांगा."

"घ्या," मी म्हणलं. "पण रिकामी घागर घेऊन न्हाई. सातही जणांनी भरून घ्यायची. सांडली की पुन्हा पहिल्यापासून."

"आन् पाणी कुठून आणायचं ह्या उन्हाळ्यात?" औषधवाला म्हणाला.

"ते बाईला विचारलं होतं का कधी?"

घागर खाली ओतून द्यायला कोणाचाच जीव होईना. मास्तर म्हणाला, घेऊन जा, तुमचंच आहे. लेकानं ती खांद्यावर घेतली आणि जिना उतरला. खाली गल्लीत क्लास सुटलेला, पोरापोरींची गर्दी. त्यातली निम्मी त्याला 'सर' म्हणणारी.

"खांद्यावर नको," मी मागून म्हणलं. "गडी खांद्यावर घेतात. कमरेवर घे, मंजे कळंल."

"अण्णा, पोरं बघून राहिलेत."

"मलाबी बघत होती. अख्खी गावं."

तो थांबला. इकडंतिकडं पाहिलं. मग घागर डाव्या कमरेवर उतरवली, गळ्याला हात घातला आणि चालायला लागला. पहिल्या पाच-सहा पावलांतच इस्त्रीचा शर्ट भिजला. एक पोरगी तोंडाला ओढणी लावून हसली. तो हळू झाला. पाऊल आखूड झालं. मग नजर आपोआप वर गेली, घराच्या दाराकडं.

मी मागं मागं चालत होतो. घर आलं. सून पावलांचा आवाज ऐकून दारात आली आणि तशीच बाजूला झाली. उंबऱ्यापाशी तो अडला. कोणता पाय टाकावा ते त्याला कळेना.

मी म्हणलं, "डावा आधी."